औरेलियो दिग्दर्शक आणि चौथा शेवट यांची बखर

श्रीपटदेवता प्रसन्न. जिचे कृपेंकरून शहाणेसुर्ते लोक दिवाणखान्यांत बसोन परक्याचे दुःखास रडतात, आणि रडोन झाल्यावर त्यांस जेवण चार घास अधिक जातें, तीस नमन करोन ही हकीकत लिहितों. शके १९२७ पार्थिवनाम संवत्सरीं समुद्रापलीकडे ज्या मुलुखास नकाशावाले ब्रझील म्हणतात तेथें हें वर्तमान घडलें. आम्ही यापुढें 'राज्य' एवढेंच लिहूं, कारण नांव वारंवार घेतलें म्हणजे तेथील वकील कागद धाडितात आणि उत्तर देणें आमचे अंगावर येतें. पूर्वीं वसईस ज्यांचे किल्ले होते त्या फिरंगियांचीच भाषा त्या राज्यांत चालते, काफी अमाप पिकते, पायानें चेंडू मारणारास तेथें सरदाराहून अधिक मान, आणि सायंकाळीं सहा वाजतां जो मनुष्य दुसऱ्याचे घरीं जाऊन कडी वाजवितो त्यास कोणी दार उघडीत नाहीं. तें कां, हें पुढें येईलच.

त्या राज्यांत औरेलियो बितेंकूर म्हणोन एक गृहस्थ, उत्तरभागीं नदीकांठचे गांवीं जन्मले. वडील तरीवर नावाडी. औरेलियोजींनीं वयाचे एकोणतिसावे वर्षीं स्नेह्यासोबत्यांचे घरून कॅमेरा, दिवे आणि एक शेळी मागोन आणिली आणि चित्रपट केला. त्यांत एक मनुष्य शेळी घेऊन डोंगर चढतो, आणि मग उतरतो. परमुलुखीं पंडितांची सभा भरली होती, तिणें त्यास पितळेचा पक्षी बक्षीस दिला आणि शेळीची विशेष वाखाणणी केली. खुद्द राज्यांत मात्र तो चित्रपट सात जणांनीं पाहिला, पैकीं चौघे नातलग, आणि उरले तिघांत एक जण दुसरे खेळाचें तिकीट समजोन आंत शिरलेला. मग पक्षी पाहोन पोट भरेना, सबब औरेलियोजी छत्तिसावे वर्षीं चित्रवाणीचे दरबारीं चाकरीस राहिले. राहतेवेळीं मित्रांस म्हणाले, "एकच वर्ष. मग माझा दुसरा चित्रपट." तें वर्ष बावीस वर्षें चाललें.

आतां चित्रवाणीचे दरबाराची रीत लिहितों. तेथें रविवार वगळोन दररोज सहा वाजतां कथा दाखवितात, आणि ती आठ महिने चालते, आणि लिहिणारा लिहीत असतां इकडे ती दाखविणें सुरू असतें, म्हणोन कोण मरणार हें लिहिणारासही ठाऊक नसतें. रयतेस नायक आवडेनासा झाला तर त्यास जहाजांत घालोन दूर धाडितात. मेलेला मनुष्य फार आवडता निघाला तर त्याचा जुळा भाऊ सांपडतो. एके कथेंत एकाच बाईच्या तीन जुळ्या बहिणी सांपडल्या, आणि रयतेनें एका शब्दानें हरकत घेतली नाहीं. ऐशा कारखान्यांत औरेलियोजी दिवसास तीस तीस प्रसंग उरकीत, सकाळीं लग्न, दुपारीं खून, आणि मग चहापान होऊन दुसऱ्याच घरचें बारसें. हात असा बसला कीं जिन्यावरून पडणें, पत्र चुकीचे हातीं जाणें आणि दाराआडून ऐकणें या तीन गोष्टींत त्यांची बरोबरी करणारा राज्यांत कोणी नव्हता. कीर्ति जाहली, घर जाहलें, केस गेले. परंतु कोणी विचारी कीं आपला चित्रपट केव्हां, तर ते म्हणत, "ही कथा संपूं द्या."

तो चित्रपट ऐसा. नदीचे घाटावर एक बाई तरीनें जाणारेयेणारे उतारूंस काफी करोन देते. पुढें नदीवर पूल होतो आणि तरीची होडी बंद पडते. इतकाच मजकूर. आणि ती बाई झुल्मिरा पाशेको यांणींच व्हावी हें औरेलियोजींनीं चाकरीचे पहिलेच आठवड्यांत ठरविलें. तेथें थोर बाईस दोना म्हणतात, सबब आम्हीही दोना झुल्मिरा लिहितों. या पूर्वीं रंगभूमीवरील मोठ्या नटी. त्या बोलूं लागल्या म्हणजे मागील रांगेंतील मनुष्य खोकला गिळीत असे. पण चित्रवाणीवर येतांच त्यांचे भुंवयांकडे पाहोन दरबारानें त्यांस दुष्ट बाई ठरविलें आणि मग दुसरें कांहीं दिलेंच नाहीं. औरेलियोजींनीं त्यांस शब्द दिला तेव्हां त्या एकोणपन्नास वर्षांच्या, आणि चित्रपटांतील बाई नवऱ्याची वाट पाहात असे. मग वर्षें गेलीं, तेव्हां औरेलियोजींनीं कागद काढोन नवऱ्याचे जागीं मुलगा घातला. आणखी वर्षें गेलीं, मग मुलाचे जागीं नातू घातला. शके १९२७ चा सुमार आला तों बाई कोणाचीच वाट पाहीनाशी झाली, केवळ काफी करी.

त्या सालीं सहाचे कथेंत दोना झुल्मिरा सरदारीण लेओकादिया जाहल्या होत्या. ही सरदारीण उसाचे मळ्यांची धनीण, चार नवऱ्यांस विष घातलेली, आणि आपले भाचीचें लग्न मोडण्याचे उद्योगांत आठ महिने गुंतलेली. कथा संपावयास दोन आठवडे राहिले तेव्हां एके दिवशीं दुपारीं बाई सरदारणीचे पोशाखासकट औरेलियोजींचे समोर येऊन बसल्या आणि टोप काढोन मांडीवर ठेविला आणि बोलिल्या,

"औरेलियो, मी चालले. ही कथा संपली की दक्षिणेला बहिणीकडे जाऊन राहणार."

"असं एकदम? का, दोना झुल्मिरा?"

"एकदम कुठं? एकाहत्तर वर्षं लागली. गुडघे गेले. आणि आता पाठ राहत नाही रे. काल माझी वाक्यं लिहून फुलदाणीमागं चिकटवली होती, तर कुणीतरी फुलदाणी हलवली आणि मी नवऱ्याला विष द्यायचं सोडून नुसती हसत बसले."

"तो प्रसंग फार चांगला झालाय."

"ते मला नको सांगूस. बावीस वर्षांत मी अकरा नवरे, दोन मुनीम आणि एक बिशप मारला. बाजारात भाजीवाली माझ्या हातात भाजी देत नाही, लांबून पिशवीत टाकते. मला एकदा तरी कुणाला विष न घालता उभं राहू दे. कर ना तुझी ती काफीवाली."

"पुढल्या वर्षी नक्की. अगदी नक्की."

"पुढल्या वर्षी नुसती वाक्यं नाहीत, माझं नावसुद्धा फुलदाणीमागं चिकटवावं लागेल," ऐसें म्हणोन बाई उठल्या, आणि उठतांना मेजाचा आधार घेतला. औरेलियोजींनीं तें पाहिलें. बावीस वर्षें जो चित्रपट आपला म्हणोन वागविला तो निम्मा या बाईंचा आहे, आणि त्यांची वेळ सरत आली, हें त्यांस त्या दिवशीं प्रथम कळलें. एवढ्या कर्त्या पुरुषास एवढी गोष्ट कळावयास इतका काळ कां लागला, हें आम्हांस पुसूं नये.

आतां त्या दरबाराची आणखी एक रीत आहे तिजवर हें सर्व प्रकरण फिरलें. कथेचा शेवट कोणास आगाऊ कळूं नये म्हणोन तीन निरनिराळे शेवट करितात. नटांसही सांगत नाहींत कीं खरा कोणता, आणि वर्तमानपत्रवाले तरी टेहळणीवर असतातच. दरबाराचे मुख्य अधिपति एर्सिलियो मोंताल्वांव हे गुप्ततेचे भारी भोक्ते. आपले घरीं जेवावयास काय आहे हेंही ते बाहेर कळूं देत नसत. त्यांजकडे औरेलियोजी गेले आणि मसलत दिली ती येणेंप्रमाणे.

"साहेब, तीन शेवट पुरे नाहीत. तिन्ही त्याच घरात, त्याच जिन्यावर. त्यातला खरा कोणता ते शाळेतलं पोरही ओळखेल. चौथा करू या."

"चौथा? त्यात काय?"

"लेओकादियाचं सगळं जातं. ती नदीकाठी काफी विकते. कुणी चोरून पाहिलाच तर डोकं धरून बसेल."

"वा! पण असला शेवट खरा कोण मानणार?"

"कोणीच नाही, साहेब."

"म्हणूनच हवा! किती दिवस?"

"सहा. आणि जनरेटरची गाडी."

"घेऊन जा. बाकीच्या तीन शेवटांइतकाच लांब कर, दीड घटका, म्हणजे फितीचा डबा पाहून कुणाला संशय नको."

येथें ध्यानांत घ्यावें कीं औरेलियोजी एक शब्द खोटें बोलिले नाहींत. आपलें पाप आपणच इतक्या नीटनेटकेपणें सांगणारा मनुष्य आमचे तरी पाहण्यांत नाहीं. त्यांचे मनांत ऐसें कीं खोटा शेवट कोणी दाखवीत नाहीं, डबा कपाटांत पडोन राहतो, तो पुढें सवडीनें मागोन घ्यावा, वाढवावा, सुधारावा आणि मग लोकांस दाखवावा. मग सर्व मंडळी मोटारींत बसोन नदीवर गेली.

सहा दिवस काम जाहलें. मंडळींस प्रथम दिवशींच उमगलें कीं हा शेवट नव्हे, साहेबांचा चित्रपट आहे, आणि कोणी बोलिलें नाहीं, परंतु प्रत्येक जण घरून कांहींबाही आणूं लागला. कोणी आजीची कापडाची काफीगाळणी आणिली, कोणी टवके उडालेले पेले. उतारू व्हावयास नट नव्हता, म्हणोन जनरेटरचे गाडीवरील चालक तिबुर्सियो यांस उभें केलें. हे अंगानें आडवे, तोंडावर देवीचे व्रण, आणि आयुष्यांत कॅमेऱ्यापुढें उभे राहिलेले नव्हेत. त्यांस एक वाक्य दिलें. ते काफी पितात आणि म्हणतात, "बाई, आता पूल झालाय. उद्यापासून मी इकडून नाही यायचो." आणि दोना झुल्मिरा म्हणतात, "बरं. साखर घालू?" सबंध चित्रपटांत भाषण इतकेंच. तें कोठें चिकटवावें लागलें नाहीं.

सहावे दिवशीं सकाळीं शेवटला प्रसंग. बाईनें चूल पेटवावी, काफी गाळावी, पेला भरोन ठेवावा, कोणी न आल्यावर आपणच ती प्यावी, मग मेज दुमडोन डोईवर घ्यावें आणि पुलावरून चालत पैलतीरीं जावें. दोना झुल्मिरा पेला भरोन बसल्या त्या बसल्या. पाणी उतरलें होतें, पलीकडे कोणी धोबीण कपडे आपटीत होती, आणि बाईंचे मुद्रेवर विष देणारी बाई नव्हती आणि रंगभूमीवरील बाईही नव्हती. कॅमेरेवाल्याचे डोळे भरोन आले, त्यामुळें चित्र क्षणभर धूसर जाहलें. तें औरेलियोजींचे लक्षांत आलें आणि ते दुसरे वेळेस घ्यावें म्हणोन ओरडणार, तों बाई मेज डोईवर घेऊन पुलावर पोंचल्या होत्या आणि त्या गुडघ्यांनीं त्यांस परत बोलाविण्याची कोणाची छाती जाहली नाहीं. औरेलियोजी मनांत म्हणाले, असो, पुढें नीट करूं. मग दोन दिवसांत कांटछांट करोन दीड घटकेचा डबा भरिला आणि दरबारीं जमा केला.

अधिपतींनीं चारही डब्यांवरील नांवें स्वहस्तें खरवडलीं आणि डबे लोखंडी कपाटांत ओळीनें मांडिले आणि किल्ली गळ्यांत घातली आणि खरा डबा दुसरा, हें मनांत ठेविलें. कागदावर लिहिलें तर फुटेल, म्हणोन लिहिलें नाहीं. शुक्रवार उजाडला. सहा वाजतां सर्व राज्य स्तब्ध. दुकानें बंद, पाद्री सायंकाळची प्रार्थना लौकर आटोपोन घरीं, आणि दोन संघ चेंडूचा खेळ अर्ध्यावर टाकोन एकाच दिवाणखान्यांत बसले. चार कोटी मनुष्य सरदारणीस बेड्या पडतांना आणि भाचीचें लग्न लागतांना पाहावयास बसलें. पूर्वार्ध दाखविणें सुरू जाहलें तेव्हां अधिपतींनीं कपाट उघडिलें आणि त्यांस आठवेना कीं दुसरा म्हणजे डावीकडून दुसरा कीं उजवीकडून दुसरा. लावोन पाहावा, तर शेवट कोणीही आगाऊ पाहूं नये ही आज्ञा त्यांचीच. आणि घरीं पन्नास पाहुणे, दोन मंत्री. मग त्यांनीं उजवीकडील उचलोन दिला आणि घरीं गेले.

भाची लग्नाचा पोशाख करोन जिना उतरूं लागली, आणि एकाएकीं पडद्यावर नदी आली. प्रक्षेपणावरील मनुष्यानें घाबरोन अधिपतींस फोन केला कीं हाच ना? अधिपतींचे तोंडचें पाणी पळालें. परंतु दोन मंत्री त्यांजकडे पाहात होते. सबब ते मोठ्यानें बोलिले, "हाच. अर्थात हाच. दुसरा कोणता असणार?"

दरबारी मंडळींची चाल ऐसी कीं शेवटचा भाग सर्वांनीं एके खानावळींत एकत्र बसोन पाहावा. तेथें औरेलियोजी काळे घेवड्याचें ताट पुढें घेऊन बसले होते. नदी दिसतांच त्यांणीं चमचा खालीं ठेविला. घाटावरील बाई दिसली तेव्हां ते उभे राहिले. तिबुर्सियो पडद्यावर आले, तेव्हां खानावळींतील खरे तिबुर्सियो तोंडावर रुमाल घेऊन बसले. चित्रास संगीत नव्हतें, त्यास आणखी पंधरा दिवस लागते. रंग कच्चे होते, ते पुढें सुधारावयाचे होते. आणि बाईनें शेवटला पेला ओठांशीं नेला, नेमके त्या क्षणीं यंत्रानें आपले नेमाप्रमाणें साबणाची जाहिरात घातली. एक स्त्री फेंसांत नाचूं लागली. औरेलियोजी ओरडले आणि मेजाखालीं शिरले, आणि मंडळींनीं विनवण्या केल्या तरी चित्रपट संपेतों बाहेर आले नाहींत. त्यामुळें बाई पूल उतरोन गेली तेव्हां खानावळींतील स्वयंपाकीण रडत होती आणि कोणी कोणाशीं बोलत नव्हतें, हें त्यांणीं पाहिलें नाहीं.

आतां रयतेचें लिहितों. प्रथम एक घटका राज्यांत कोणास कांहीं सुचेना. मग वाद लागले. कोणी म्हणे सरदारणीची स्मृति गेली, कोणी म्हणे ही तिची जुळी बहीण, आणि कोणी म्हणे ही तीच, आणि हेंच तिचें प्रायश्चित्त. भाचीचें लग्न लागलें कीं नाहीं हें विचारण्याचें भान कोणास राहिलें नाहीं. शनिवारीं तेथें शेवटला भाग पुन्हां दाखवितात, तेव्हां अधिपतींनीं खरा डबा लाविला, आणि बेड्या पडल्या, लग्न लागलें, अक्षतांसारखे तांदूळ उडाले. रयत तें पाहोन म्हणाली, हा खोटा शेवट, वर्तमानपत्रवाल्यांस फसवावयास केलेला असणार. आम्ही दोन्ही पाहिले. एवढ्या वर्षांची बखरनविशी, परंतु शुक्रवारीं आमचे घरांत चूल पेटली नाहीं, हें लिहिणें भाग आहे.

सोमवारीं अधिपतींनीं औरेलियोजींस बोलाविलें आणि मिठी मारिली आणि म्हणाले कीं ही कल्पना मूळ आमचीच, तथापि आपणही पुष्कळ मदत केली; मागा, काय पाहिजे? औरेलियोजी म्हणाले, वर्षाची रजा आणि तोच चित्रपट नीट करावयाचा. तत्काळ मंजूर. बावीस वर्षांत जें मागावयास धैर्य नव्हतें तें एका मिठींत मिळालें. मग ते धांवत दोना झुल्मिरांचे घरीं गेले. बाई सामान बांधीत होत्या.

"दोना झुल्मिरा, मिळालं! सबंध वर्ष. दोन तासांचा करू. संगीत घालू, खरी होडी आणू. जूनमध्ये नदीवर जाऊ."

"मी नाही येणार."

"गुडघ्यांचं म्हणत असाल तर डोली करतो."

"गुडघ्यांचं नाही. ती बाई मी केली. झाली."

"अहो, ते कसलं होणं? शेवटचा प्रसंग धूसर आहे!"

"मग चार कोटी माणसांनी धूसर पाहिला. पोस्टमन दारात उभा राहून रडला माझ्यासमोर. धूसर होता म्हणून नाही रडला."

"मध्ये साबण लावला त्यांनी! पेला ओठाला लागला आणि साबण!"

"लावला. आणि साबण संपेस्तोवर लोक तिथंच बसून राहिले."

औरेलियोजी खुर्चीवर बसले. त्यांचे डोळ्यांस पाणी आलें, आणि तें त्यांणीं लपविलें नाहीं. बाईंनीं हातांतील शालीची घडी केली, पेटींत ठेविली आणि बोलिल्या,

"ऐक. त्या सकाळी तो पेला भरला आणि मला माझी आई आठवली. का, ते विचारू नकोस, ती काही काफी विकत नव्हती. पलीकडं कुणीतरी धुणं धूत होतं, आणि मी तुला विसरले, कॅमेरा विसरले. पुन्हा नेलंस तर मी येईन, बसेन, तू सांगशील तशी रडेन. फार छान करेन. पण ते केलेलं असेल. तुझी बाई मी बावीस वर्षं मागितली ती करायला नव्हती मागितली रे, व्हायला मागितली होती."

"मग मी आता काय करू?"

"तू?" बाई म्हणाल्या. "तू तो पाहिलायस का?"

औरेलियोजी तेव्हां मेजाखालीं होते, हें कसें सांगावें? मग बाईंनीं भाचरानें शुक्रवारीं चित्रवाणीवरून उतरवोन ठेविलेली फीत काढिली आणि यंत्रांत घातली आणि पेटीवरच बसल्या, कारण खुर्च्या बांधोन जाहल्या होत्या. औरेलियोजींनीं आपला चित्रपट प्रथमपासून शेवटपर्यंत एका जागीं बसोन पाहिला, एकदांही थांबविला नाहीं, आणि धूसर जागा आली तेव्हां ती धूसर आहे हें त्यांचे ध्यानांत आलें नाहीं. दुसरे दिवशीं त्यांणीं रजेचा कागद परत केला. बाई दक्षिणेस गेल्या. तेथें त्या चार वर्षें सुखानें नांदल्या आणि बाजारांत भाजीवाल्या त्यांचे हातीं हात लावोन भाजी देत.

येणेंप्रमाणे औरेलियो बितेंकूर दिग्दर्शक यांचें वृत्त. कथा एकोणीस, पैकीं बुडाल्या दोन. चित्रपट दोन, एक सातांनीं पाहिला आणि एक चार कोटींनीं. पुढेंही ते सहाचे कथेवरच राहिले आणि जिन्यावरून माणसें पाडीत राहिले, परंतु मंडळी सांगतात कीं आतां पडलेले मनुष्याकडे थोडा वेळ अधिक पाहूं देत. कोणी नवखा विचारी कीं आपला तो चित्रपट केव्हां, तर शांतपणें म्हणत, "झाला." आणि मग, स्वभावास औषध नाहीं, दाराबाहेर गेलेले मनुष्यास परत हांक मारोन सांगत, "साबणासकट." इति लेखनसीमा.